मुभा राखून

प्रिय झिपरे,

फोन मुद्दामच केला नाही. फोनवर मी एक वाक्य बोलले की तू मध्ये तोंड घालतेस, तू बोललीस की मी घालते, आणि शेवटी कुणीतरी एकजण बरं ठेवते म्हणून ठेवून देतं. पत्राचं बरं असतं, समोरच्याला गप्प बसून ऐकावं लागतं. तेव्हा चहा करून घे, बूड टेकव, आणि दर चार ओळींनी आई मुद्द्यावर ये असं म्हणू नकोस. मी माझ्या वाटेनेच येणार.

बातमी आधी सांगते. त्या हाडांच्या भट्टीविरुद्धची आपली याचिका काल मागे घेतली. वकीलबाईंनी तुला दोन ओळींत कळवलं असेलच, पण त्यांच्या दोन ओळी फार धुतलेल्या असतात, आणि झालं ते तसं नव्हतं. सकाळपासून आम्ही त्या कोर्टाच्या बाकावर बसलो होतो. मी, तुझे बाबा, वरच्या मजल्यावरची नर्स आणि टायरवाला. आमचा नंबर लागला जेवणाच्या सुट्टीनंतर. तोवर त्या इमारतीत मी काय काय पाहिलं ते विचारू नकोस. बायकांच्या संडासाला कडी नाही. एकीने आत जायचं, दुसरीने दार धरून उभं राहायचं, आणि दोघींनी श्वास रोखायचा. जिन्याच्या कोपऱ्यात कुणीतरी अर्धं खाल्लेलं केळं कागदात गुंडाळून ठेवलेलं, त्यावर माशा. म्हटलं वा, आपण दुर्गंधीची तक्रार घेऊन आलोय ती अगदी योग्य ठिकाणी आलोय.

मग पुकारा झाला. समोर दोन न्यायमूर्ती. थोरले पेनाच्या टोपणाने कान कोरत होते आणि कोरून झालं की टोपणाकडे निरखून बघत होते. वकीलबाई उभ्या राहून चार वाक्यं बोलल्या असतील नसतील, तेवढ्यात ते म्हणाले, पाहणीचा अहवाल वाचलात ना? बाई म्हणाल्या, वाचला. मग म्हणाले, तुमचा आग्रहच असेल तर आम्ही आदेश देतो, पण अहवालात जे आहे ते आम्हाला आदेशात लिहावं लागेल. बाईंनी मागे वळून आमच्याकडे पाहिलं. टायरवाल्याने मान हलवली. त्या माणसाला कुणीही काहीही विचारा, तो मान हलवतो, मेला नंदीबैल! बाई पुढे वळल्या आणि एका दमात म्हणाल्या, कायद्याने उपलब्ध असलेले इतर मार्ग अवलंबण्याची मुभा राखून याचिका मागे घेण्याची परवानगी असावी. थोरले म्हणाले, दिली. संपलं. गॅसवरचं दूध उतू जायलाही याहून जास्त वेळ लागतो. पुढच्यांचा पुकारा सुरू झाला तरी आम्ही बाकावर तसेच, जणू अजून काहीतरी व्हायचं बाकी आहे.

बाहेर आलो तर भट्टीवाल्यांचा वकील आमच्या बाईंशी हात मिळवून हसत होता. मुलीची परीक्षा कशी झाली, विचारत होता. आणि त्या माणसाने अत्तर केवढं लावलेलं! दुर्गंधीची वकिली करायची आणि स्वतः गुलाबात बुडून यायचं. किळस आली गं मला, खरंच आली. टायरवाल्याने विचारलं, म्हणजे बाई, आपण जिंकलो का हरलो? बाई म्हणाल्या, दोन्ही नाही. मग त्यांनी समजावून सांगितलं. न्यायमूर्तींनी फेटाळली असती तर दार बाहेरून कुलूप लावून बंद झालं असतं, आता आपणच लोटून घेतलंय आणि किल्ली आपल्या खिशात आहे. प्रदूषण खात्याकडे नवी तक्रार करता येईल, त्यांनी नाही ऐकलं तर त्यांच्या वरच्या न्यायाधिकरणाकडे जाता येईल, सगळे मार्ग खुले आहेत. टायरवाला खूश. त्याने गल्लीत येऊन सांगितलंसुद्धा, मार्ग खुले झाले म्हणून. मला आपलं वाटलं, हाकलून देण्याआधी आपण होऊन उठलो आणि पायात चपला शिल्लक आहेत याचा आनंद करतोय. पण बाई वाईट नाहीत. पडत्या भिंतीखालून माणूस जसा बाहेर ओढतात तसं त्यांनी आम्हाला ओढून काढलं, एवढं मलाही कळतं.

भट्टी जोरात सुरू आहे, हे वेगळं सांगायला नको. पाहणीच्या दिवसापुरती बंद ठेवली होती, दुसऱ्याच दिवशी पेटली. तू जाऊन इतके दिवस झाले, तुला कदाचित विसर पडला असेल, म्हणून आठवण करून देते. सकाळी खिडकीच्या काचेवर बोट फिरवलं की बोटाला तेलकट येतं. पिण्याच्या पाण्यावर झाकण ठेवलं तरी वर एक तवंग दिसतो, किंवा नसतो आणि मला दिसतो, कोण जाणे. कत्तलखान्यातली हाडं आणि चरबी गाड्या भरभरून येते, त्यावर हिरव्या माशा, गाडी वळताना मागून पाणी गळतं आणि ते आपल्या भिंतीला लागून असलेल्या गटारात जातं. मग उकळणं सुरू होतं. जळके केस, नासलेलं दूध आणि त्यात कुठेतरी एक गोडसर वास. तो गोडसरपणाच मेला घशाशी येतो. परवा नर्स सांगत होती, ही चरबी पुढे साबणाच्या कारखान्यात जाते. म्हणजे आपल्याला आधी घाण करायचं आणि मग धुवायला तीच घाण वडी करून विकायची! मी हातातली वडी मोरीत टाकून दिली. मग पुन्हा उचलली, कारण दुसरी कुठली आणणार?

माझं शिवणकाम बंद पडल्यात जमा आहे, ते तुला सांगितलं नव्हतं. पेठेतल्या त्या डॉक्टरीणबाईंनी कोटाचं अस्तर बदलायला दिलं होतं. नेल्यावर दोन दिवसांनी त्या कोट घेऊन परत आल्या, आणि फार गोड आवाजात म्हणाल्या, काकू, काम छानच आहे हो, पण हा जरा धुऊन द्याल का? मी धुतलाच होता. दोनदा. त्यांनी पुढे काही आणलं नाही. बोलायचं नाही, फक्त यायचं थांबायचं, ही सभ्य लोकांची रीत. त्यापेक्षा तोंडावर थुंकलेलं परवडलं.

आता त्या पाहणीच्या दिवसाकडे येते. तू अजून बाबांवर चिडलेली आहेस आणि तुझं चिडणं मला कळतं. मीही चिडले होते. दोन दिवस मी त्यांना ताट वाढून समोर नुसतं ढकलत होते. कोर्टाने पाहणीसाठी माणूस नेमला तेव्हा वकीलबाईंनी आपल्या सगळ्यांना बोलावून स्पष्ट सांगितलं होतं, तूही होतीस, काही म्हणजे काही करू नका. पडदे धुऊ नका, गटार झाकू नका, गाद्या उन्हात टाकू नका. तारीख त्यांनाही कळलीये, ते भट्टी बंद ठेवतीलच, पण तुमच्या भिंतीत आणि कापसात जे मुरलंय ते ते कुठून काढणार? येऊ दे कोर्टाच्या माणसाला, बसू दे तुमच्या घरात. किती साधी गोष्ट! हातावर हात धरून बसायचं होतं. आयुष्यात पहिल्यांदा आळशीपणा करून जिंकायची संधी आली होती.

आणि तुझे बाबा दुसऱ्या दिवशी सकाळी कामाचा जुना एप्रन बांधून उभे. हॉटेलात सारी नोकरी खोल्यांच्या देखरेखीत गेली त्यांची. चादरीला सुरकुती दिसली तर दहा जणांना परत वर पाठवणारा माणूस. तुला आठवतं ना, शाळेत असताना तुला गादीचा कोपरा घडी घालायला शिकवला होता आणि तू रडली होतीस? तसेच ते गल्लीत दारोदार फिरले. पडदे उतरवायला लावले, गाद्या गच्चीवर चढवल्या, भिंती सोड्याच्या पाण्याने पुसून घेतल्या. कोपऱ्याकोपऱ्यात व्हिनेगरच्या ताटल्या, कपाटांत कॉफीची पूड, गटारावर चुना टाकून वर ओली पोती. आणि सगळे ऐकत होते गं त्यांचं! मीसुद्धा. कुणीतरी येणार आहे म्हटल्यावर बाईचा हात आपोआप केरसुणीकडे जातो, त्याला काय करायचं? एकट्या नर्सने अडवलं. म्हणाली, काका, आपल्याला घाण दाखवायचीये, लपवायची नाहीये. तर हे म्हणाले, घाण त्यांची आहे, घर माझं आहे. शेवटी तिनेही पायपुसणं धुऊन टाकलं.

कोर्टाचा माणूस आला. तरुण वकील होता, सोबत खात्याचा एक जण, हवेचे नमुने पिशव्यांत भरणारा. तरुणाने गल्लीच्या तोंडाशीच खिशातून रुमाल काढून हातात धरला होता. पहिल्या घरात शिरताना नाकाशी नेला. दुसऱ्या घरात नेला नाही. आपल्या घरात येईपर्यंत तो रुमाल घडी होऊन परत खिशात गेला होता, आणि तो म्हणाला, किती प्रसन्न ठेवलंय हो तुम्ही सगळं! मी तुझ्या बाबांकडे बघत होते. त्यांची नजर त्या रुमालावर होती, खिशात जाईपर्यंत. तुझ्या लग्नानंतर त्यांचा चेहरा इतका फुललेला मी पाहिला नव्हता. तेव्हा मला नुसता राग आला होता, त्या चेहऱ्याचा अर्थ लागला नव्हता. हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हेच, आणि वर हा माणूस हसतोय! मग अहवाल आला. गल्ली स्वच्छ, नीटनेटकी व सुगंधित आढळली. तो सुगंधित शब्द त्या अत्तरवाल्या वकिलाने कोर्टात तीन तीनदा वाचला म्हणे.

मग वकीलबाईंच्या ऑफिसात तू जे बोललीस ते. मी ते इथे लिहिणार नव्हते, पण लिहिल्याशिवाय पुढचं सांगता येत नाही. तू सगळ्यांसमोर, टायरवाला, नर्स, बाईंचा कारकून, सगळ्यांसमोर त्यांना विचारलंस, बाबा, भट्टीवाल्यांनी किती दिले तुम्हाला? टेबलावरचे चहाचे कप गोळा करून त्यांनी ट्रेमध्ये ठेवले, कपांची गोल ओली खूण राहिली होती ती आपल्या रुमालाने पुसली, आणि खुर्ची आत सरकवून बाहेर गेले. तुला ती कबुली वाटली. मला त्या क्षणी काय वाटलं सांगू? तुझ्या थोबाडीत द्यावीशी वाटली. दिली नाही, कारण तू आता आई आहेस आणि टिल्ल्या कडेवर होता. त्यानंतर तू घरी आली नाहीस, आणि आम्हीही तुझ्याकडे आलो नाही. आम्ही का आलो नाही ते तुला ठाऊक नाही. तुला वाटतं रुसलोय.

मागे जाते जरा. याचिकेची पहिली तारीख. त्या दिवशी तू ऑफिसच्या कामामुळे येऊ शकली नाहीस. घर बाबांच्या नावावर, म्हणून याचिकेत पहिलं नाव त्यांचं. सही त्यांनी न वाचताच केली होती, तू लिहिलंयस म्हणून. सकाळी उठून त्यांनी पांढऱ्या सदऱ्याला स्वतः स्टार्च केला, स्वतः इस्त्री केली. कोर्टात आम्ही दोघं बाकावर, त्यांच्या पलीकडे एक अनोळखी गृहस्थ, मांडीवर पिशवी, आपल्या कसल्याशा दाव्यासाठी आलेले. वकीलबाई उठल्या आणि त्यांनी तो परिच्छेद वाचला. तू लिहून दिलेला. बाईंनी तुझं केवढं कौतुक केलं होतं, की असं लिहिणारी अशील मिळत नाही. मला तो आता पाठ झालाय. याचिकाकर्त्यांच्या कपड्यांना, अंथरुणांना व शरीराला दुर्गंधी कायम चिकटलेली असते. याचिकाकर्ता क्रमांक एक यांचा स्वतःचा नातू त्यांच्या मांडीवर बसण्यास नकार देतो. त्यांची विवाहित मुलगी त्यांना भेटून घरी परतल्यावर अंगावरील कपडे दाराबाहेरच काढून बादलीत टाकते.

न्यायमूर्ती चुकचुकले. त्याच वाक्यामुळे त्यांनी दखल घेतली, त्याच वाक्यामुळे पाहणीचा हुकूम निघाला, हे खरं. आणि वाक्यही खरं. मी कुठे नाही म्हणते? तुझ्या दाराबाहेरची बादली मी पाहिली होती. मला माहीत होतं. पण त्यांना माहीत नव्हतं गं. त्यांना वाटत होतं टिल्ल्या लाजतो. तुझ्याकडे येताना दरवेळी त्याच्यासाठी खिशातून काहीतरी आणायचे, तो ते घ्यायचा आणि पळायचा, आणि हे म्हणायचे, माझ्यावर गेलाय, लाजाळू आहे. ते त्यांना भर कोर्टात, परक्या बाईच्या तोंडून, क्रमांक एक म्हणून कळलं. आणि मग ते बाकावरचे गृहस्थ थोडे सरकले. वाईट माणूस नव्हता तो. त्याने नाक दाबलं नाही, तोंड वाकडं केलं नाही. पिशवी दुसऱ्या बाजूला घेतली आणि वीतभर सरकला, इतकंच. तुझ्या बाबांनी आपल्या सदऱ्याच्या बाह्या दोन्ही हातांनी खाली ओढल्या आणि मांड्यांवर हात ठेवून बसून राहिले. घरी येईपर्यंत ते बसमध्ये दारापाशी उभे होते, जागा रिकामी असून.

तेव्हापासून हे चाललंय आणि मी मूर्ख बाई, मला वाटायचं म्हातारपणाचा चळ. दिवसातून तीन तीन आंघोळी. अंगाची सालटं निघेपर्यंत घासायचं. न्हाव्याकडे जाणं बंद केलं, केस मी कापते, आणि मी कशी कापते ते तुला माहीत आहे, पाठीमागून उंदराने कुरतडल्यासारखे दिसतात. किराणावाल्याकडे पैसे लांबून हात करून देतात. तुझ्याकडे जाऊया म्हटलं तर म्हणतात, नको, तिला उगाच कपडे धुवावे लागतात. ही त्यांची रुसण्याची पद्धत आहे असं समजून मी त्यांना वर टोमणे मारले.

काल कोर्टातून परत येताना वकीलबाईंनी नव्या तक्रारीचा कागद दिला. खात्याचा माणूस या वेळी तारीख न सांगता येऊ शकतो, अचानक, तेव्हा त्यात दम आहे म्हणाल्या. फक्त गटाराला लागून असलेलं घर आपलं, त्यामुळे घरमालक म्हणून बाबांनी लिहून द्यायला हवं की माझ्या घरात, अंथरुणात, कपड्यांत दुर्गंधी आहे. ते नसेल तर तक्रार लंगडी. महिनाअखेरीपर्यंत द्यायचीये. बाबांनी कागद वाचला, चष्मा काढला आणि कागद परत माझ्याकडे सरकवला. म्हणाले, भट्टीविरुद्ध काय हवं ते लिहा, खाली सही करतो. पण माझ्या घराला आणि माझ्या बायकोला घाण येते असं मी दुसऱ्यांदा लिहून देणार नाही. पोरीने लिहिलं तेवढं पुरे झालं. बस्स. आवाजसुद्धा चढवला नाही. मी ओरडले, तुमच्या त्या साफसफाईने सगळ्यांचं वाटोळं केलंत तेवढं पुरे नाही झालं का? तर म्हणाले, तो पोरगा रुमाल हातात घेऊनच आला होता गं, आपलं दार उघडायच्या आधीच. तेव्हा कुठे माझ्या डोक्यात प्रकाश पडला, की हा माणूस पाहुण्यासाठी घर आवरत नव्हता.

आता तू म्हणशील, म्हणजे चूक माझी. तसं मी म्हणत नाही. तुझ्या त्या पैशांच्या प्रश्नाची मात्र माफी मागायला हवीस, त्यात मी एक अक्षर ऐकून घेणार नाही. पण परिच्छेदाची नको. जे खरं ते तू लिहिलंस. मला किळस येते ती याचीच, की ते खरं आहे. भट्टी हाडं उकळते ती कुणाची तरी, आणि कमीपणा येतो आपल्याला. त्यांच्या मालकाला कुणी विचारत नाही की बाबा रे, तुझ्या अंगाला कसला वास येतो? तो मजेत आहे, गाडीच्या काचा वर करून जातो. नाक खाली घालून चालतोय कोण, तर ज्याने आयुष्यभर दुसऱ्यांच्या चादरी पांढऱ्या ठेवल्या तो. वकील, अहवाल, न्यायमूर्ती, टोपण, अत्तर, सगळ्याचा वीट आलाय मला. तुझाही आलाय, ह्यांचाही आलाय, आणि आरशात दिसते तिचा तर विचारूच नकोस.

आणि तरी हे पत्र मी सहीसाठी लिहीत नाहीये, ते काय व्हायचं ते होईल. काल संध्याकाळी त्यांनी आंघोळ केली, नवा बनियन घातला, आणि मी भाजी निवडत बसले होते तिथे येऊन उभे राहिले. हातभर लांबच. म्हणाले, तुला एक विचारतो, खरं सांग, मला येतो का गं वास? झिपरे, मी उठले, त्यांच्या खांद्याला नाक लावलं, मानेला लावलं, आणि मला काहीच कळलं नाही. साबणाचाही नाही. इतकी वर्षं या भट्टीशेजारी काढून माझं नाक मेलंय. मी म्हटलं, मला कळत नाही हो. त्यांना वाटलं मी टाळतेय. हसले आणि म्हणाले, जाऊ दे. गल्लीत दुसऱ्या कुणाला विचारणार, सगळ्यांची नाकं माझ्यासारखीच, आणि परक्याला ते विचारणार नाहीत. आमच्यात शाबूत नाक एकटं तुझं आहे. म्हणून ये. टिल्ल्याला हवं तर नंतर आण, आधी तू ये. त्यांनी विचारलं तर खोटं सांगू नकोस, त्यांना लगेच कळतं. येत असेल तर येतो म्हण, भट्टीचा येतो म्हण. पण जवळ उभी राहून म्हण.

वाट बघणारी,
तुझीच
आई